क्रीमच्या आधीची कोंबडी

अमेरिकेच्या दक्षिणेकडच्या राज्यांत घरोघरी होणारा एक पदार्थ आहे, चिकन अँड डंपलिंग्ज. कोंबडी पाण्यात सावकाश शिजवायची, मांस हाडांवरून सोडवून घ्यायचं, आणि त्याच पाण्यात पिठाचे गोळे किंवा लाटलेल्या पिठाचे तुकडे सोडून तेही शिजवून घ्यायचे. कृती एवढीच. अलीकडे या पदार्थाच्या ‘हलक्या’ आवृत्त्या सांगण्याची टूम निघाली आहे आणि त्या साऱ्यांची रीत एकच: क्रीमच्या जागी साय काढलेलं दूध, लोणी निम्मं, मांडीऐवजी छातीचं मांस, कातडी कचऱ्यात. निव्वळ वजाबाकी. अशी वजाबाकी करून जे ताटात येतं ते खाताना माणूस उरलेल्याची चव घेत नाही, गेलेल्याची आठवण काढत बसतो.

माझा आक्षेप या हिशेबाच्या पहिल्याच ओळीला आहे. जड पदार्थ तेवढा अस्सल, आणि हलका म्हणजे डॉक्टरांच्या धाकाने केलेली तडजोड, असं तिथे गृहीत धरलेलं असतं. प्रत्यक्षात क्रम उलटा आहे. कोंबडी, पाणी, पीठ, मीठ, मिरी, झालाच तर एखादा कांदा. ज्याच्या दारात गाय त्याच्याकडे शेवटी थोडं दूध. यात जड काय होतं? जडपणा मागाहून आला, आणि तो का आला याचं उत्तर स्वयंपाकघरात सापडत नाही. ते खुराड्यात सापडतं.

शेतकऱ्याच्या घरी कोंबडी खाण्यासाठी पाळलेली नसे, अंड्यांसाठी पाळलेली असे. अंडी दुकानदाराला देऊन साखर, कॉफी, कापड आणायचं, आणि हा सगळा व्यवहार घरच्या बाईच्या हातात. हे अमेरिकेत होतं तसंच आपल्याकडेही. आपल्या खेड्यांत तर कोंबडीला तिच्या अवस्थेप्रमाणे नाव आहे: अंड्यावर येऊ घातलेली ती तलंग, अंडी द्यायची थांबवून बसून राहिलेली ती खुडूक. तलंग कोणी शहाणा माणूस कापत नाही. जास्तीचे कोंबडे कापायचे, तेही कोवळे असताना; अमेरिकेच्या दक्षिणेत ते उन्हाळ्यात तळले जात. पातेल्यात जायची ती दोन-तीन वर्षं अंडी देऊन थकलेली कोंबडी. तिचं मांस तळून खायला गेलं तर दातांची परीक्षा. प्राण्याचं वय वाढतं तसे स्नायूंभोवतीचे कोलॅजनचे धागे एकमेकांत घट्ट गुंतत जातात, आणि झटपट आचेने ते नुसते आवळतात. तेच मंद आचेवर तीन-चार तास ठेवले की सुटे होतात, त्यांचं जिलेटिन होतं, आणि साध्या पाण्याला असं अंग येतं की घोट घेतल्यावर ओठ किंचित चिकटतात. शिवाय अंगणभर चालून, उकरून, पळून कमावलेली चव वेगळीच. म्हाताऱ्या कोंबडीच्या पाण्यात घट्टपणा आणि चव दोन्ही आयती असत. त्यात आणखी काही ओतायची गरजच नव्हती.

डंपलिंग्ज कशासाठी, तर पोटं भरण्यासाठी. कोंबडी एक आणि ताटं दहा, हे गणित पिठाने सुटायचं. हा पदार्थ १९३० च्या दशकातल्या महामंदीत जन्मला असं पुष्कळदा सांगितलं जातं. ते खरं नाही; एकोणिसाव्या शतकातल्या अमेरिकी पाकपुस्तकांत तो भेटतो. मंदीने त्याला जन्म दिला नाही, मंदीत तो कामी आला. १९२८ च्या अध्यक्षीय निवडणुकीत रिपब्लिकन पक्षाच्या एका जाहिरातीत प्रत्येकाच्या पातेल्यात कोंबडी असल्याची बढाई होती. ते वाक्य लोकांनी त्या पक्षाचा उमेदवार हर्बर्ट हूवरच्या तोंडी कायमचं चिकटवलं, खरं तर तो स्वतः तसं बोललाच नव्हता. पुढच्याच वर्षी शेअर बाजार कोसळला. पण त्या जाहिरातीतून एक गोष्ट कळते: १९२८ साली कोंबडी ही आश्वासन देण्याइतकी महाग गोष्ट होती. आज कोणताही पक्ष कोंबडीचं आश्वासन देणार नाही, कारण ती सगळ्यांत स्वस्त मांसांपैकी एक आहे.

हा बदल ज्या गोष्टीपासून मोजतात ती कथेसारखी आहे. डेलावेअर राज्यात ओशन व्ह्यू नावाच्या गावी सेसिल स्टील नावाची बाई अंड्यांसाठी कोंबड्या पाळत असे. १९२३ साली तिने ५० पिल्लं मागवली आणि चुकून ५०० आली. तिने ती परत पाठवली नाहीत; वाढवली आणि मांसासाठी विकली, पौंडाला ६२ सेंट या भावाने. नफा पाहून पुढच्या वर्षी तिने मुद्दाम जास्त मागवली, शेजाऱ्यांनी तिचं पाहून मागवली, आणि अंड्यांचा विचारच न करता केवळ मांसासाठी कोंबडी वाढवायची हा धंदा उभा राहिला. १९४८ मध्ये त्याच डेलावेअरमध्ये ‘उद्याची कोंबडी’ शोधण्याच्या देशव्यापी स्पर्धेची अंतिम फेरी झाली. निकष होते रुंद छाती, झटपट वाढ, कमी दाणा. स्पर्धा यशस्वी झाली यात शंकाच नाही. आज जगभर खाल्ली जाणारी ब्रॉयलर कोंबडी त्याच वाटेने आलेली आहे. सहा-सात आठवड्यांत ती दोन-अडीच किलोची होते. तिला चालायला जागा नसते, आणि असली तरी वेळ नसतो.

आता ही कोंबडी जुन्या पाककृतीत घालून पाहा. अर्ध्या तासात मांस शिजतं, तासाभरात त्याचा चोथा होतो, आणि पाणी पाणीच राहतं. चव नाही, अंग नाही. मग अंग आणण्यासाठी लोणी आणि मैदा परतून घालायचा, चव आणण्यासाठी क्रीम. कॅम्पबेल कंपनीचं मशरूमचं क्रीम सूप डब्यातून आलं १९३४ साली, आणि त्याच्या भाईबंदांनी अमेरिकी गृहिणीचं काम सोपं केलं: डबा फोडा, ओता. डंपलिंगच्या पिठासाठी बिस्क्विकचं तयार मिश्रण १९३१ पासून होतंच. मी या डब्यांची टवाळी करत नाही. नोकरी करून घरी येणाऱ्या बाईला त्या डब्याने जो तासभर मिळवून दिला त्याचं मोल तिलाच ठाऊक. पण क्रीम ही या पदार्थातली चैन नव्हे, भरपाई आहे. कोंबडीचं जे वय हिरावलं गेलं त्याची ती भरपाई. म्हणून ब्रॉयलर तशीच ठेवून क्रीम तेवढं काढून टाकणारी ‘हलकी’ पाककृती फसते. तिने कुबडी काढून घेतली, पाय दिला नाही.

एडना लुईस या कृष्णवर्णीय लेखिकेचं ‘द टेस्ट ऑफ कंट्री कुकिंग’ १९७६ साली निघालं. व्हर्जिनियातलं फ्रीटाउन हे तिचं गाव गुलामगिरीतून मुक्त झालेल्या कुटुंबांनी वसवलेलं, तिचे आजोबा त्यांतलेच एक. या पुस्तकातली जेवणं ऋतूंप्रमाणे मांडली आहेत, आणि ती वाचताना लक्षात येतं की त्या घरांत पाककृती म्हणजे साहित्याची यादी नव्हती. कोणत्या महिन्यात काय तयार असतं, कोणतं जनावर किती वयाचं झालेलं असतं, याची ती जाण होती. कोंबडी किती जुनी हे ज्याला दिसतं त्याला ती किती वेळ शिजवायची हे विचारावं लागत नाही.

आणि इथे आपली बाजू वरचढ आहे. डॅलसच्या किंवा अटलांटाच्या सुपरमार्केटात म्हातारी कोंबडी मिळवायला वणवण करावी लागते. आपल्याकडे ती अजून तालुक्याच्या आठवडी बाजारात पाय बांधून उलटी टांगलेली मिळते, आणि शहरातही दुकानांच्या पाट्यांवर ‘गावरान मिळेल’ लिहिलेलं असतं. त्यातलं सगळंच गावरान खरं गावरान नसतं ही गोष्ट वेगळी. मी नेहमीच्या चिकनवाल्याकडे ती मागितली की तो समजुतीच्या सुरात सांगतो, “सूपच करायचंय ना काका? मग ब्रॉयलर न्या की. गावरानला शिट्ट्या मोजता मोजता दमाल.” मग मी पाय मागतो. तेव्हा मात्र त्याला माझी काळजी वाटते. “पाय? कुत्र्यासाठी का?” पाय तो बहुधा फुकट देतो. ते उकळत्या पाण्यात मिनिटभर बुडवले की वरची पिवळी खरखरीत त्वचा मोज्यासारखी निघते. नखं पेराशी कापून टाकायची. त्या चार-सहा पायांत जितकं जिलेटिन असतं तितकं अख्ख्या ब्रॉयलरच्या छातीत नसतं. गावरान मिळाली नाही तर ब्रॉयलरची पाठ, मान, पंख आणि हे पाय यांच्यावर काम भागतं. छातीचं मांस वेगळं ठेवावं आणि अगदी शेवटी घालावं, कारण ते ७० अंशांच्या पुढे फार वेळ राहिलं की कोरडं पडतं.

आपल्या दुकानात कोंबडी सोलूनच देतात, त्यामुळे कातडीतली चरबी घरात येतच नाही. अमेरिकी पाककृतीतली ‘कातडी काढा’ ही सूचना आपल्याला वाचावीही लागत नाही. मात्र गावाकडून पिसं काढून, जाळावर भाजून, हळद चोळलेली कोंबडी आली तर कातडी ठेवावी. चरबी नंतर काढता येते, आणि ती कशी हे या साऱ्या प्रकरणातलं सर्वांत समाधानाचं काम आहे.

कोंबडी गार पाण्यात घालून मंद आचेवर चढवायची. पाणी तापत जातं तशी मांसातली विरघळणारी प्रथिनं गोठून राखाडी फेसाच्या रूपाने वर येतात. तो फेस डावेने काढत राहायचा. त्यानंतर कांदा, गाजर, सेलरीचा दांडा, मिरीचे दाणे. तमालपत्राबद्दल एक सावधगिरी. अमेरिकी पाककृतीतलं पान हे लॉरेलचं, मधोमध एकच शीर असलेलं. आपलं तमालपत्र दालचिनीच्या कुळातलं, तीन लांब शिरांचं. आपलं पान घातलं की पातेल्याला बिर्याणीची स्वप्नं पडू लागतात. एवढ्याशा पानाने पदार्थाचा देश बदलतो, तेव्हा ते न घातलेलंच बरं.

पाणी खळखळून उकळता कामा नये. कुठेतरी एखादा बुडबुडा येऊन फुटावा इतपत. खळखळीत पाण्यात चरबीचे बारीक थेंब होऊन ते पाण्यात मिसळतात, मग पाणी गढूळ होतं आणि चरबी काही केल्या वेगळी होत नाही. कुकर वर्ज्य नाही. कुकरच्या आत दाबाखाली पाणी सहसा खळखळत नाही. खळखळतं ते शिट्टी होते तेव्हा, कारण दाब एकदम उतरतो. तेव्हा शिट्टीच्या अलीकडे आच धरून ठेवायची आणि शेवटी कुकर आपला आपण निवू द्यायचा. मग गाळून, गार करून रात्रभर फ्रिजमध्ये. सकाळी वर पिवळी चरबी घट्ट बसलेली असते, बोटाने एक कोपरा दाबला की अख्खी पापडी उचलली जाते. खाली पाणी नसतं, थरथरणारी जेली असते. भांडं तिरकं केलं तरी ती जागची हलत नाही. चरबीच्या ग्रॅमला नऊ कॅलरी, तेव्हा या पापडीबरोबर काय गेलं याचा हिशेब ज्याचा त्याने करावा. जे राहिलं ते पुरेसं आहे हे ती जेली सांगते. त्या पापडीतली चमचाभर चरबी मात्र मी डंपलिंग्जसाठी काढून ठेवतो.

ज्या मराठी माणसाचा जीव तर्रीत गुंतलेला आहे त्याला ही गोष्ट पटायला जड जाते. आपला रस्सा वर तेलाचा तवंग आला म्हणजे झाला असं मानणारा. पण त्याच कोल्हापूरकडे तांबड्या-पांढऱ्याच्या आधी अळणी पाणी येतं, हळद-मीठ, आलं-लसूण एवढ्यावर शिजलेल्या मटणाचं, आणि जाणकार ते पिऊनच मटणाची पारख करतात. मसाला पडल्यावर मटण चांगलं होतं की मसाला, हे सांगणं अवघड.

या बाबतीत सर्वांत बारकाईने विचार केलेला मला आढळतो तो आयुर्वेदात. शोधनानंतर, म्हणजे पंचकर्माने शरीर शुद्ध केल्यावर, रोग्याला पुन्हा अन्नावर आणण्याचा जो संसर्जनक्रम चरकाने सांगितला आहे त्याच्या पायऱ्या अशा: आधी पेया म्हणजे पातळ पेज, मग विलेपी म्हणजे दाट पेज, मग अकृत यूष म्हणजे साधं कढण, मग कृत यूष, मग अकृत मांसरस आणि शेवटी कृत मांसरस. अकृत म्हणजे स्नेह-मसाल्यावाचूनचा, कृत म्हणजे तो घालून सिद्ध केलेला. कल्पना अशी की शोधनाने अग्नी मंदावलेला असतो. ठिणगीवर एकदम ओंडका न टाकता आधी गवत, मग काटक्या, अशा क्रमाने तो वाढवत न्यायचा. इथे हलकं-जड हे पदार्थाच्या अंगी चिकटलेले गुण नाहीत, खाणाऱ्याच्या आजच्या अवस्थेशी ते बांधलेले आहेत. तोच मांसरस चौथ्या दिवशी जड आणि सातव्या दिवशी हवाच. अमेरिकेतल्या डब्यावर छापलेले कॅलरीचे आकडे कोण खातंय हे विचारत नाहीत.

कोंबडीच्या सूपाची औषध म्हणून बाराव्या शतकातल्या ज्यू वैद्य मैमोनिडीजने शिफारस केली होती, आणि नेब्रास्का विद्यापीठाच्या स्टीफन रेनर्ड यांनी २००० साली ‘चेस्ट’ या नियतकालिकात आपल्या सासरकडच्या आजीच्या कृतीने केलेल्या सूपावरचा प्रयोग प्रसिद्ध केला: काचनळीत त्या सूपाने न्यूट्रोफिल या पांढऱ्या पेशींची धावाधाव मंदावली. सर्दीत होणारा दाह त्या धावपळीतूनच होतो. काचनळीतली गोष्ट नाकात घडतेच असं नाही, हे मान्य. तरी सर्दी झाली की बाकी काही खावंसं वाटत नाही तेव्हा हे घशाखाली उतरतं, एवढ्या पुराव्यावर माझं भागतं.

आता डंपलिंग्ज. यात दोन पंथ आहेत आणि त्यांचं आपसांत पटत नाही. एक लाटणाऱ्यांचा. पीठ घट्ट मळायचं, पातळ लाटायचं, पट्ट्या किंवा चौकोन कापायचे आणि उकळत्या सूपात सोडायचे. डेलावेअरमध्ये यांना निसरडी डंपलिंग्ज म्हणतात. पेन्सिल्व्हेनियात जर्मन वंशाचे लोक केशर घालून याच्याच भावकीतलं बॉट बोई करतात. मराठी वाचकाला हे वाचून जे आठवेल तेच मलाही आठवलं: वरणफळं, चकोल्या. कणकेची पोळी लाटून शंकरपाळ्यांसारखी कापायची आणि चिंच-गुळाच्या उकळत्या वरणात सोडायची. तिथे कोंबडी, इथे तूरडाळ. पण पिठाचा कच्चा तुकडा द्रवात शिजताना आपल्या अंगावरचं पीठ सोडतो आणि द्रव दाट होतो, ही युक्ती दोन्हीकडे एकच. कोणी कोणाकडून घेतलेली नाही. केरळातल्या सीरियन ख्रिश्चनांची तांदळाच्या गोळ्यांची पिडी कोंबडीच्या रश्शाबरोबर खातात, तीही याच वळणाची. एका भांड्यात जेवण उरकायचं आणि घरात पीठ आहे, एवढ्या दोन गोष्टी असल्या की माणूस कुठेही इथे पोचतो.

दुसरा पंथ चमच्याने सोडणाऱ्यांचा. सैलसर पीठ, त्यात बेकिंग पावडर, चमच्याने सूपावर सोडायचं आणि झाकण ठेवायचं. गोळे फुगतात, वरून वाफेवर आणि खालून सूपात शिजतात. वरणफळांवर वाढलेल्या माणसाने पहिल्या पंथात जावं हे स्वाभाविक; पण हलकेपणाचा प्रश्न असेल तर माझं मत दुसऱ्या पंथाला. निसरडी डंपलिंग्ज पोटात जाऊन बसतात आणि बसून राहतात. वरणफळांनंतर दुपारी डोळा लागतो, त्याचं श्रेय लोक उगाच तुपाला देतात.

गंमत म्हणजे आजीच्या हातची म्हणून मिरवणारी ही फुगीर डंपलिंग्ज रसायनशाळेची लेकरं आहेत. १७९६ साली निघालेल्या अमेलिया सिमन्सच्या ‘अमेरिकन कुकरी’त लाकडाच्या राखेपासून काढलेला क्षार पीठ फुगवायला वापरलेला आढळतो. इंग्लंडात आल्फ्रेड बर्डने १८४३ मध्ये बेकिंग पावडर तयार केली ती बायकोला यीस्ट सोसत नव्हतं म्हणून. अंडंही सोसत नव्हतं, म्हणून त्याने त्याआधी कस्टर्ड पावडर शोधली होती. बायकोच्या पथ्यापायी दोन शोध लावणारा नवरा दुर्मीळच. अमेरिकेत हार्वर्डचे रसायनशास्त्राचे प्राध्यापक एबेन हॉर्सफर्ड यांनी १८५६ मध्ये फॉस्फेटयुक्त आम्लाचं पेटंट घेतलं आणि ते आम्ल सोड्याबरोबर घरोघरच्या कपाटात गेलं. आजची बेकिंग पावडर दोनदा काम करते, ओली झाल्यावर एकदा आणि तापल्यावर पुन्हा. डंपलिंगला हे दुसरं काम हवं असतं, कारण पीठ भिजवल्यापासून पातेल्यात पडेपर्यंत काही मिनिटं जातातच.

एक कप मैदा, दीड छोटा चमचा बेकिंग पावडर, पाव चमचा मीठ, भरड मिरी, आणि ती राखून ठेवलेली चमचाभर गार चरबी बोटांनी पिठात चोळून. अमेरिकेच्या दक्षिणेत मऊ जातीच्या गव्हाचं, कमी प्रथिनांचं पीठ वापरतात. टेनेसीतल्या नॉक्सव्हिलमध्ये १८८३ साली सुरू झालेलं व्हाइट लिली त्यासाठी नावाजलेलं. इथल्या मैद्यातला दोन चमचे मैदा काढून तेवढं कॉर्नफ्लोअर घातलं की जवळपास तेच साधतं. मग अर्धा कप गार ताक. बाजारातलं पातळ ताक नको, दही आणि पाणी निम्मं-निम्मं घुसळून. ताक आंबट आहे म्हणून चिमूटभर खायचा सोडाही.

आणि इथे मराठी हात आडवा येतो. आपल्या हाताला कणीक तिंबायची शिकवण आहे. पीठ ओलं झालं की हात आपोआप मळू लागतो, मुठी वळतात, गोळा गुळगुळीत होईपर्यंत जीव थांबत नाही. गव्हातली दोन प्रथिनं, ग्लुटेनिन आणि ग्लायडिन, पाण्याने जागी होतात आणि मळण्याने एकमेकांत विणली जातात. पोळी लाटताना फाटत नाही ती या विणीमुळे. डंपलिंगमध्ये ही वीण शत्रू. काट्याने दहा-बारा वेळा फिरवायचं, खाली कोरडं पीठ थोडं दिसत असलं तरी थांबायचं. दिसायला ते गबाळं, गुठळ्यांचं, सुगरणीला लाज आणणारं असतं. तेच बरोबर. या पिठाला हात जितका कमी लागेल तितकं ते हलकं होतं, आणि हा हलकेपणा कोणत्याही कॅलरीच्या तक्त्यात मावत नाही. मैदा तेवढाच, चरबी तेवढीच, फरक फक्त आत धरून ठेवलेल्या हवेचा.

सूप पुन्हा तापवून, त्यात गाजराच्या चकत्या, मटार आणि सोडवलेलं मांस घालून ते हळूहळू उकळू लागलं की पीठ चमच्याने सोडायचं, मोठ्या लिंबाएवढं, एकमेकांपासून अंतर ठेवून. ते आधी बुडतं की काय असं वाटतं आणि मग वर येऊन तरंगतं. झाकण घट्ट लावायचं आणि पंधरा मिनिटं उघडायचं नाही. ही अट जुन्या बायका शकुनासारखी सांगतात, पण तिच्यामागे साधं भौतिकशास्त्र आहे. आत वायू फुगत असतो आणि स्टार्च-प्रथिनांची भिंत अजून पक्की झालेली नसते. झाकण उचललं की वाफ जाते, वरची बाजू एकदम गार होते, वायू आकसतो आणि गोळा बसतो. एकदा बसलेला पुन्हा उठत नाही. काचेचं झाकण असेल तर पाहत बसावं: ओलसर चमकणारी पाठ हळूहळू निस्तेज होते, तडे जातात, आणि गोळे इतके फुगतात की एकमेकांना भिडून सूप दिसेनासं होतं. टूथपिक घालून कोरडी निघाली की झालं. फोडून पाहिलं तर खालचा अर्धा सूपाने माखलेला, वरचा पांढरा आणि सच्छिद्र असतो. सूप आपोआप थोडं दाट झालेलं असतं, तेही लोणी-मैदा न परतता.

वरून कोथिंबीर की पार्सली, हा वाद मी घालत नाही; मिळेल ते. मिरी मात्र सढळ हाताने. अमेरिकेच्या दक्षिणेतले लोक या पदार्थात मिरी मनसोक्त घालतात. गोडा मसाला घालायचा मोह होतो तो आवरावा. लिंबू पिळायला हरकत नाही, त्याने चरबीची उणीव भासत नाही.

हा पदार्थ दुसऱ्या दिवसासाठी नाही. रात्रभरात डंपलिंग्ज उरलेलं सूप पिऊन टाकतात आणि सकाळी पातेल्यात एक फुगलेला, चिकट लगदा सापडतो. म्हणून सूप कितीही करावं, त्यावर सोडायचं पीठ मात्र बसलेल्या माणसांपुरतं भिजवावं, माणशी दोन, आणि कोणी उशिरा येणार असेल तर त्याचं त्याला नव्याने. पंधरा मिनिटांचं तर काम आहे.